आधी नाही, नंतर

एकोणीसशे अठ्ठ्याहत्तर साल. त्या वर्षी उत्तर फ्रान्समधल्या सें-व्हास्तची लोकरगिरणी कायमची बंद व्हायची होती, आणि तिच्यावर सिनेमा काढायला ओदील द्युसार पॅरिसहून घरी आली होती.

गिरणीला गावात कुणी गिरणी म्हणत नसे. 'थोरली' म्हणत. पोरगा शाळेतून सुटला की थोरलीत जायचा, लग्न झालं की थोरलीतल्याच कुणाशी व्हायचं. नदीकाठची धाकटी गिरणी लढाईत बाँब पडून गेली, तिची आठवण म्हणून थोरलीला हे नाव राहिलं होतं. थोरलीच्या भिंतीला लागून लाल विटांची बिऱ्हाडं होती, मध्ये फरसबंद चौक आणि चौकात एक नळ. त्या नळावर बायका भांडत, कपडे पिळत आणि कुणाच्या घरी काय शिजतंय ते नुसत्या वासावरून ओळखत. शनिवारी सगळ्या चौकात चरबीत तळलेल्या बटाट्यांचा वास असे. ओदीलला पॅरिसमध्ये इतकी वर्षं काढूनही शनिवार म्हटलं की तोच वास आठवे.

तिचे वडील फिर्मां रंगखात्यात होते. त्यांची नखं कधी स्वच्छ झाली नाहीत. ज्या आठवड्यात जो रंग, त्या रंगाची नखं. आई ओदील लहान असतानाच गेली, आणि चौकापलीकडे राहणाऱ्या एल्वीर आत्यानं तिला वाढवलं. आत्यानं वाढवलं म्हणजे काय, तर स्वतःच्या पोराबरोबर, एमेबरोबर, आणखी एक ताट मांडलं. एमे ओदीलपेक्षा पाच वर्षांनी मोठा. तो तिला सायकलच्या दांडीवर बसवून कबुतरांच्या शर्यतीला न्यायचा, आणि फिर्मांचं कबुतर हरलं की घरी येऊन सांगायचा, "मामा, तुमचं कबुतर वाटेत बिअर प्यायला थांबलं होतं."

ओदीलला शिष्यवृत्ती मिळाली, ती लीलला गेली, तिथून पॅरिसला. सिनेमाच्या नादाला लागली. एक लहान चित्रपट तिनं बंदरातल्या मजुरांवर काढला आणि एक धोबिणींवर. दोन्ही लोकांनी घडीच्या खुर्च्यांवर बसून पाहिले, टाळ्या वाजवल्या आणि खुर्च्या मिटून ते घरी गेले. ती एकतीस वर्षांची झाली होती आणि तिकीट काढून कुणी तिचा सिनेमा पाहिला नव्हता.

तिची काम करायची रीत वेगळी होती. ती संवाद लिहीत नसे. माणसांच्या घरी जाऊन दिवसचे दिवस बसायची, कॅमेराही कोपऱ्यात नुसता बसलेला असायचा, आणि माणसं त्याला विसरली की म्हणायची, आता सांगा. तेही एकदाच. दुसऱ्यांदा ती कुणाला सांगायला लावत नसे.

"पहिल्यांदा माणूस सांगतो," ती म्हणायची, "दुसऱ्यांदा स्वतःची नक्कल करतो."

"तुझं हे तत्त्व तुझ्या रिकाम्या पाकिटातून निघालंय," इव्हों म्हणायचा. इव्हों तिचा आवाज घेणारा, ब्रिटनीचा, दाढीवाला, खांद्याला सदा ध्वनिफितीचं यंत्र लटकवलेलं. "फिल्म विकत घ्यायला पैसे असते तर तूही दहादा घेतलं असतंस."

"असेल," ओदील म्हणायची.

तिला या सिनेमात एल्वीर आत्या हवी होती. आत्यानं आयुष्यभर लोकर निवडली होती. तिचे हात लोकरीच्या मेणानं मऊ राहिले होते आणि चेहरा मात्र विटेसारखा झाला होता. ओदील विचारायला गेली तेव्हा आत्या बटाटे सोलत होती.

"माझं तोंड बघायला पॅरिसचे लोक पैसे देणार?"

"देतील."

"मग त्यांच्याकडे फारच झालेत म्हणायचे."

"आत्या, गंमत नको. येशील ना?"

आत्यानं सोललेला बटाटा पाण्यात टाकला. "येते. तुझ्या त्या यंत्रासमोर बसते, काय करायचं ते करते. पण एमेचं सांगणार. मला हवं तसं सांगणार. आणि ते तू काढून टाकायचं नाहीस."

"नाही काढणार."

"बघ हं, पोरी. मला दुसरं काही नको."

एमेचं काय, ते चौकात सगळ्यांना ठाऊक होतं, म्हणजे सगळ्यांना वाटत होतं की ठाऊक आहे. सतराव्या वर्षी, पिंजणखात्यात, त्याचा हात यंत्रात गेला. इस्पितळात तो दोन दिवस जगला. डॉक्टर म्हणाले, तोंडाला जिनचा वास येत होता. गिरणी म्हणाली, पोरगा पिऊन कामावर आला, आमचा काय दोष. गिरणीनं हात झटकले आणि प्रकरण मिटलं. गावानं ते मानलं, त्यात दुष्टावा नव्हता. त्या मुलखात थंडीच्या सकाळी कॉफीत जिनचा घोट घालून न घेणारा पुरुष विरळाच. 'बिचारा, जरा जास्त झाली असेल' असं लोक म्हणत, प्रेमानंच म्हणत. त्या प्रेमानंच आत्या एकोणीस वर्षं जळत होती.

कारण तिनं पाहिलं होतं. किंकाळी ऐकून ती निवडखात्यातून धावत गेली तेव्हा यंत्र थांबलेलं होतं आणि फोरमन देग्रूत एमेचं डोकं मांडीवर घेऊन खिशातल्या बाटलीतली जिन त्याच्या तोंडात ओतत होता. वेदना कमी व्हाव्यात म्हणून ओतत असेल, तो काही वाईट माणूस नव्हता. पण यंत्राची संरक्षक जाळी त्यानंच काढायला लावली होती, काम झपझप व्हावं म्हणून. आणि पुढे चौकशीत त्याला विचारलं तेव्हा जाळीचंही तो बोलला नाही आणि बाटलीचंही. आता तो मेला होता. त्याची बायको गावातच होती.

चित्रीकरण मार्च महिन्यात झालं. गिरणीचं फाटक, शेवटचा भोंगा, यंत्रं सुटी करून नेणारे लोक, रिकामी खाती, सगळं घेऊन झालं. मग एका दुपारी ओदीलनं कॅमेरा आत्याच्या स्वयंपाकघरात मांडला. आत्या नेहमीसारखी बटाटे सोलत बसली. चुलीवर चिकरीची कॉफी होती. इव्होंनं माईक दिव्याच्या दांडीला टांगला होता. सोललेले बटाटे एकेक करून पाण्यात पडत होते. शेजारच्या वातेझबाईंचा नातू अंगणात पडला आणि त्यानं भोकाड पसरलं. वातेझबाई ओरडल्या, "रेकू नको रे, काही झालं नाही."

रडण्याला त्या मुलखात सगळे असंच म्हणतात. ब्रेर, म्हणजे रेकणं. आई पोराला म्हणते, नवरा बायकोला म्हणतो, मयताच्या घरी लोक एकमेकांना म्हणतात. दुसरा शब्द कुणाच्या तोंडी नाही. दुसरा शब्द आहे तो पुस्तकातला.

मग आत्या बोलू लागली. सूर नाही चढवला, सुरी नाही थांबवली. एमे कसा होता ते सांगितलं, जाळी काढलेली होती ते सांगितलं, देग्रूतचं नाव अजून घेतलं नव्हतं. आणि मग एका दमात म्हणाली, "मी गेले तर पोर रेकत होतं, मी रेकत होते, आम्ही दोघं रेकत होतो आणि देग्रूतनं त्याच्या तोंडात जिन ओतली, आधी नाही, नंतर ओतली, मी पाहिलं, नंतर."

मग तिनं बटाट्याचा डोळा सुरीच्या टोकानं काढला. ओदीलनं हात वर केला आणि कॅमेरा थांबला. इव्हों कानावरचे फोन काढून बाहेर अंगणात जाऊन उभा राहिला. थोड्या वेळानं आत आला आणि म्हणाला, "एवढं एक वाक्य मिळालं, बाकी सगळा सिनेमा फेकून दिलास तरी चालेल."

आत्या म्हणाली, "फेकू नका. फिर्मांची कबुतरं चांगली आलीत त्यात."

पुढचं वर्षभर ओदील पॅरिसमध्ये संकलनाच्या टेबलाशी बसली. त्याच काळात एका वर्तमानपत्रानं तिची मुलाखत घेतली. उत्तरेकडच्या मजुरांची बोली पॅरिसला कळायची नाही, तुम्ही पडद्यावर खाली शुद्ध फ्रेंचची अक्षरं लावणार का, असं विचारलं. ओदील म्हणाली, "माझी माणसं फ्रान्सची आहेत. परदेशी माणसांखाली लावतात तशी अक्षरं मी त्यांच्या तोंडाखाली लावणार नाही. ऐकायला शिका." हे वाक्य लोकांना फार आवडलं. ते इतर वर्तमानपत्रांतही छापून आलं. न बघितलेल्या सिनेमाच्या बाईचं नाव त्या वाक्यानं झालं. चित्रपट वितरित करणाऱ्या लाकाझ नावाच्या माणसानं ते वाचून तिला फोन केला, आणि एका सकाळी आपल्या छोट्या थिएटरात वीस-पंचवीस लोकांना बोलावून सिनेमा दाखवला.

लोक खिळून बसले होते. ओदील इव्होंशेजारी मागच्या भिंतीला टेकून उभी होती आणि तिला पहिल्यांदाच वाटत होतं की हे खरंच होतंय. मग आत्याचं स्वयंपाकघर आलं. एमे, जाळी. आणि "पोर रेकत होतं" ऐकताच कुणीतरी फसकन हसलं. "मी रेकत होते" म्हटल्यावर आणखी दोघं-तिघं. "आम्ही दोघं रेकत होतो" म्हणेपर्यंत सबंध खोली हसत होती. दुष्टपणानं नाही, हसू दाबायला बघत होते आणि दाबल्यानं ते जास्तच फुटत होतं. पुढचं कुणालाच ऐकू आलं नाही. जिन ओतली हेही नाही, नंतर ओतली हेही नाही.

पॅरिसमध्ये ब्रेर फक्त गाढवं करतात.

ओदीलला हे माहीत होतं, असं कसं म्हणावं नि नव्हतं असं तरी कसं म्हणावं. ती तेरा वर्षं पॅरिसमध्ये राहत होती. स्वतः रडताना तिनं तो शब्द तिथं कधी वापरला नसता. पण टेबलाशी बसून महिनोन्महिने आत्याचा आवाज ऐकताना तिचा कान चौकात जाऊन बसायचा, आणि चौकात त्या शब्दात गाढव नव्हतं. इव्होंलाही ते कळलं नाही, कारण तो दुसऱ्याच टोकाचा.

सिनेमा संपल्यावर एक बाई डोळे पुसत तिच्याकडे आली. "माफ करा हं, आम्ही त्या आजींना हसलो नाही. तो शब्दच तसा... बिचाऱ्या."

लाकाझ तिला आपल्या खोलीत घेऊन गेला. तो सभ्य माणूस होता, बोलताना पेन्सिलीनं टेबलावर ठोकायची सवय होती.

"सिनेमा मी घेतो. पाच शहरांत लावतो, चित्रपटांच्या उत्सवाला पाठवतो. पण ती जागा अशी ठेवता येणार नाही. तिथं हसले की पुढचा अर्धा तास हातातून गेला. एक तर खाली अक्षरं लावा, म्हणजे लोक वाचतील आणि हसणार नाहीत. नाहीतर ते वाक्य काढा."

"वाक्य काढता येणार नाही."

"मग अक्षरं लावा."

"अक्षरं लावणार नाही असं मी सांगितलंय."

"तुम्ही वर्तमानपत्राला सांगितलंय," लाकाझ म्हणाला. "वर्तमानपत्रं मोठ्या मनाची असतात. पण खरं सांगू? ते तुमचं वाक्य मलाही मोडायचं नाहीये. त्यावरच तर लोक येणार."

ओदील दुसऱ्या दिवशीच्या गाडीनं सें-व्हास्तला गेली. इव्होंकडून तिनं यंत्र आणि माईक मागून घेतला. वाटेत तिनं ठरवलं होतं की काही सांगायचं नाही. आवाज नीट आला नाही, एवढंच म्हणायचं.

"आत्या, ते वाक्य पुन्हा एकदा म्हणशील? तेवढंच. आवाजात खरखर आली होती."

"तू तर पुन्हा कुणाला म्हणायला लावत नाहीस. फिर्मां सगळ्यांना सांगत असतो, माझी पोरगी एकदाच घेते."

"या वेळी चुकलं."

आत्यानं हात पुसले, टेबलाशी बसली, आणि जसंच्या तसं म्हणाली. रेकत होतं, रेकत होते, रेकत होतो. ओदीलनं फीत थांबवली. खिडकीकडे बघत म्हणाली, "आत्या, तिथं रडत म्हण. पोर रडत होतं, मी रडत होते."

"रडत?"

"हो."

आत्यानं तोंडातल्या तोंडात म्हणून पाहिलं. "मी रडत होते." मग मान हलवली. "रडते ती वकिलाची बायको. रुमालात. मी कुठं रडले गं तशी?" ती थांबली. ओदीलकडे बघत राहिली. "हसले का ते?"

ओदील माईकची वायर गुंडाळू लागली.

"ओदील. हसले का?"

"थोडे."

"गाढवासारखं वाटलं असेल." आत्याला माहीत होतं. तरुणपणी पॅरिसला एका घरी कामाला होती ती, एक हिवाळा. "तिथली मालकीण मला म्हणायची, एल्वीर, तुमच्याकडे सगळी गाढवंच राहतात का? मी म्हटलं, नाही बाई, काही पॅरिसला येतात कामाला."

ती स्वतःच हसली. मग उठून कॉफीचं भांडं पुढे ओढलं.

"हसू देत. मला त्याचं काय? हसून झालं की गप्प होतील, मग पुढचं ऐकतील. मला पुढचं ऐकायला हवंय त्यांनी. आणि त्यांनी नाही ऐकलं तरी इथं तर ऐकतील ना? इथं कोण हसणार आहे?"

"नाही, इथं नाही."

"मग झालं. राहू दे तसंच."

ओदीलनं कॉफी घेतली आणि परत पॅरिसला गेली. गाडीत तिच्या डोळ्यांपुढे तीच खोली येत राहिली, दाबलेलं हसू आणि डोळे पुसणारी ती बाई. आत्याला हसू देत म्हणणं सोपं होतं, तिनं ते हसू ऐकलं नव्हतं. पाच शहरांत, रोज, अंधारात बसून लोक आत्याला गाढव म्हणणार. आपण हे होऊ द्यायचं? तिनं स्वतःला हेच विचारलं, पुन्हा पुन्हा विचारलं. आणि लाकाझनं सिनेमा घेतला नाही तर काय, हे एकदाही मोठ्यानं विचारलं नाही.

संकलनाच्या टेबलाशी इव्हों बसला होता.

"अक्षरं लाव," तो म्हणाला. "एवढं काय त्यात? माझ्या आजीला शाळेत आमची भाषा बोलली म्हणून गळ्यात लाकडी पायताण घालायला लावायचे. तिच्याखाली कुणी अक्षरं लावली असती तर तिला मान दिल्यासारखं वाटलं असतं."

"तुझी आजी वेगळी भाषा बोलत होती. माझी आत्या फ्रेंच बोलते."

"मग हसू देत त्यांना."

"तू तिथं होतास. तुला ऐकवलं का ते?"

"नाही."

"मग."

इव्हों खुर्चीवरून उठला. "म्हणजे काढणार."

वाक्य एका दमातलं होतं, मधून तोडता येत नव्हतं. रेकणं काढायचं तर जिनही जात होती. ओदीलनं दोन्हीकडे खूण केली, फिल्म कापली, आणि त्या जागी आत्याचे बटाटे सोलणारे हात जोडले, वरून थोरलीचा शेवटचा भोंगा. बघताना वाटे की आत्या आता काही बोलणार आणि भोंग्यामुळे गप्प राहिली. फार सुंदर जोड जमली होती. पुढे चित्रपटाच्या शाळांमध्ये ती जागा शिकवत असत.

सिनेमाचं नाव 'थोरली'. ऐंशी सालच्या वसंतात तो उत्सवात दाखवला गेला आणि त्याला बक्षीस मिळालं. वर्तमानपत्रांनी लिहिलं की या बाईनं आपल्या माणसांच्या तोंडाखाली एक अक्षर लावू दिलं नाही. पाच शहरांऐवजी तीस शहरांत तो लागला. ओदीलनं पहिल्यांदा स्वतःच्या नावाची तिकिटं फाडली जाताना पाहिली.

सें-व्हास्तला तो शरद ऋतूत आला, चर्चच्या हॉलमध्ये. नगराध्यक्षांनी भाषण केलं. आत्यानं तपकिरी कोट घातला होता आणि केस न्हाविणीकडून बसवून आणले होते. पहिल्या रांगेत बसली होती. महिनाभर ती एकेकाला सांगत होती, या, बघा, मी एमेचं बोललेय त्यात. देग्रूतच्या विधवेच्या घरी ती स्वतः गेली होती. आयुष्यात पहिल्यांदा त्या दारात उभी राहून म्हणाली होती, "तुम्ही यायलाच हवं." ती बाई आली होती. मागच्या रांगेत, पर्स मांडीवर घट्ट धरून.

आपण वाक्य काढल्याचं ओदीलनं कुणाला सांगितलं नव्हतं. सांगायचं होतं. आदल्या दिवशी येऊन सांगायचं होतं, पण लीलला रेडिओवर मुलाखत होती.

लोकांना सिनेमा आवडला. स्वतःचे चेहरे दिसले की हाका मारत होते, फिर्मांची कबुतरं उडाली तेव्हा टाळ्या पडल्या. स्वयंपाकघर आलं तेव्हा हॉल एकदम शांत झाला, सगळ्यांना माहीत होतं की आता. आत्यानं पडद्यावर एमे कसा होता ते सांगितलं. जाळीचं सांगितलं. मग भोंगा वाजला, हात बटाटे सोलत राहिले, आणि थोरलीचं फाटक दिसलं.

खुर्चीत बसलेली आत्या हलली नाही.

दिवे लागल्यावर लोक तिच्याभोवती जमले. वातेझबाई म्हणाल्या, "काय गं, किती छान दिसतेस. पण तू काहीतरी सांगणार होतीस ना?" आणि आत्या नुसती पडद्याकडे बघतेय असं पाहून, घाईघाईनं, चांगल्या मनानंच, "जाऊ दे. पोरगा गेला तो गेला. कशाला उकरायचं."

देग्रूतची विधवा मागून हळूहळू पुढे आली. आत्यासमोर उभी राहिली, तिचा हात हातात घेतला. "छान झालाय," ती म्हणाली. आणखी थोडी थांबली, आत्या काही म्हणेल म्हणून. मग निघून गेली, आणि जाताना तिची पाठ आली होती त्यापेक्षा सरळ होती.

गर्दी सरल्यावर ओदील जवळ गेली. "आत्या."

आत्या कोटाची बटणं लावत होती. "बटाटे बरे सोललेत मी," ती म्हणाली.

फिर्मां आणि ओदील चौकाकडे चालत निघाले. गिरणीच्या भिंतीवरचे दिवे आता लागत नव्हते. ओदील बोलत होती. सगळं सांगितलं. थिएटर, हसणं, लाकाझ. आत्याला कुणी हसावं हे मला सहन झालं नसतं, म्हणाली. आणि अक्षरं लावणं म्हणजे आपल्या लोकांचा अपमान.

"तिला विचारलं होतंस?" फिर्मांनी विचारलं.

"हसण्याचं विचारलं. ती म्हणाली हसू देत. पण तिला कल्पना नाही, बाबा."

"अक्षरांचं विचारलंस?"

ओदील चालत राहिली.

"तिनं लावू दिली असती गं," फिर्मां म्हणाले. "तिला कुठं नीट वाचता येतं. खाली काय लिहिलंय याचं तिला काय."

त्या नव्या वर्षाला ओदील रिवाजाप्रमाणे आत्याकडे वॅफल घेऊन गेली. आत्यानं दार उघडलं. अंगात नेहमीचा एप्रन, चुलीवर नेहमीची कॉफी.

"या," आत्या म्हणाली. "बसा. कॉफी घेणार तुम्ही?"

ओदीलला आधी वाटलं, मागं कुणी दुसरं आलंय, आणि तिनं वळून पाहिलं. मागं कुणी नव्हतं. आत्यानं कप ठेवला, साखर पुढे केली, पॅरिसला थंडी कशी आहे ते विचारलं, डॉक्टरांशी किंवा नगराध्यक्षांशी बोलावं तसं, अगदी नीट. ओदील म्हणाली, "आत्या, असं नको ना." आत्या म्हणाली, "तुमची कॉफी गार होतेय." त्यानंतर आयुष्यात तिनं ओदीलला कधी 'तू' म्हटलं नाही.

पुढे लाकाझनं ओदीलचे आणखी तीन चित्रपट घेतले आणि मग धंदा विकून दक्षिणेला द्राक्षमळा घेतला. तिथंच तो वारला.

इव्होंनं तिच्याबरोबर आणखी एक सिनेमा केला. नंतर ब्रिटनीत परत जाऊन त्यानं म्हाताऱ्या माणसांचे आवाज गोळा करायचं काम धरलं. एल्वीरच्या वाक्याची फीत आपल्याकडे असावी असं त्याला वाटायचं. नव्हती. ती प्रयोगशाळेत राहिली, आणि प्रयोगशाळा बंद पडली तेव्हा न वापरलेल्या तुकड्यांचे डबे कचऱ्यात गेले.

देग्रूतची विधवा चौऱ्याऐंशी साली गेली. तिच्या अंत्ययात्रेला एल्वीर गेली होती, शेवटच्या रांगेत उभी राहिली.

फिर्मांनी हातपाय चालत होते तोवर कबुतरं पाळली. लेकीचे सगळे सिनेमे पाहिले आणि प्रत्येक वेळी बरा आहे म्हणाले.

थोरली पाडली. त्या जागी आता मोठं दुकान आणि गाड्या उभ्या करायचं मैदान आहे.

एल्वीर शेवटची काही वर्षं वृद्धाश्रमात होती. तिथल्या परिचारिकांना कुणीतरी सांगितलं होतं की या आजी सिनेमात होत्या. त्या विचारायच्या, आजी, तुम्ही काय केलंत हो सिनेमात? ती सांगायची, बटाटे सोलले. सत्त्याऐंशीच्या फेब्रुवारीत ती गेली. एमेशेजारी तिला पुरलं. एमेची गोष्ट जे सांगत, ते शेवटपर्यंत तशीच सांगत राहिले: पोरगा गुणी होता, त्या दिवशी जरा जास्त झाली.

ओदीलनं सगळे मिळून नऊ चित्रपट काढले. खाणकामगारांवर, मासळी साफ करणाऱ्या बायकांवर, कारखाना गेल्यावर घरी बसलेल्या पुरुषांवर. ती अजून एकदाच घेते. 'थोरली'नंतरच्या प्रत्येक सिनेमात तिनं माणसांच्या बोलण्याखाली अक्षरं लावली, अगदी कळत असलं तरी. समीक्षकांना ते खटकलं. पहिल्या सिनेमातला ताठ कणा गेला, असं लिहून आलं. आता ती लीलमध्ये राहते, गुडघे दुखतात, पण जुने चित्रपट दाखवतात तिथं बोलावलं तर जाते. 'थोरली' संपल्यावर हमखास कुणीतरी तरुण उभा राहतो आणि विचारतो की बाई, तुम्ही तेव्हा अक्षरं लावायला नकार दिलात, केवढं धैर्य, त्याबद्दल सांगा ना. ओदील म्हणते, त्याचं उत्तर लांब आहे, आणि पुढच्या वर आलेल्या हाताकडे बोट करते.